ढाल दिसते, गोवारी दिसत नाही

दिवाळी उलटली की भंडारा जिल्ह्यात मंडयांचा हंगाम सुरू होतो. हलके धान कापून झालेले असते, हाती चार पैसे आलेले असतात, आणि भाऊबीजेपासून पुढे कित्येक दिवस आज या गावची तर उद्या त्या गावची मंडई भरत जाते. दिवसा दुकाने आणि पाहुणेरावळे, रात्री दंडार, खडी गंमत नाहीतर नाटक. साकोली, लाखनी, लाखांदूर, पवनी, कोणत्याही तालुक्यात जा, हाच क्रम. या हंगामात गाडीतून उतरणारा एक पाहुणा आता गावाच्या ओळखीचा झाला आहे. तो म्हणजे लोकसंस्कृतीवर अनुबोधपट काढणारा कॅमेरावाला. आणि त्याची गावाशी गाठ घालून देणारा, पाटलाची ओसरी मिळवून देणारा, दंडारीच्या मंडळाला 'जरा उजेडात उभे राहा' असे सांगणारा मनुष्य पुष्कळदा आपलाच एखादा कार्यकर्ता असतो. म्हणून या पाहुण्याच्या कामाची चर्चा या पृष्ठावर व्हायला हवी.

आमचा आक्षेप कॅमेऱ्याला नाही. झाडीपट्टीतल्या दरिद्री माणसाचा चेहरा पडद्यावर यावा, याला समाजवादी मनुष्याने विरोध करण्याचे कारण काय? आमचा आक्षेप जो चेहरा पडद्यावर येतो त्याला नाव नसते, याला आहे. पंचवीस मिनिटांच्या अनुबोधपटात निर्मात्याचे नाव असते, दिग्दर्शकाचे असते, संकलकाचे, निवेदकाचे, अनुदान देणाऱ्या खात्याचे असते. ज्याने रात्रभर नाचून तो पट उभा केला, त्याच्या वाट्याला 'ग्रामस्थांचे आभार' एवढी एक ओळ येते, आणि तीही आली तर. निवेदनाचा आवाज भारदस्त असतो. 'निसर्गाच्या कुशीत वसलेली ही साधी, आनंदी माणसे' अशा धर्तीची वाक्ये तो आवाज इतक्या सहजतेने उच्चारतो की ऐकणाऱ्याला वाटावे, भंडाऱ्याच्या शेतमजुराला आनंदाखेरीज दुसरा उद्योगच नाही.

हे नाव नसणे म्हणजे काय असते, ते एका उदाहरणावरून पाहू. लक्ष्मीपूजनानंतर गायगोधन येते. गुरे रंगवतात, सजवतात, आणि गावची गुरे वर्षभर राखणारे गोवारी ढाल उभी करून वाद्यांच्या तालावर नाचत निघतात. कॅमेऱ्याला हे दृश्य फार प्रिय आहे, आणि का नसावे? रंग आहे, गती आहे, धूळ आहे, तिरपे ऊन आहे. झाडीपट्टीच्या दिवाळीवरील पटांत ही ढाल हमखास येते. पण ढालीखाली नाचणारा तो मनुष्य कोण, त्याची मागणी काय, त्या मागणीपायी त्याने काय भोगले, याचा उच्चार निवेदनात शोधून पाहा.

१९९४ साली गायगोधन होऊन तीन आठवडेही झाले नव्हते. २३ नोव्हेंबरला विधिमंडळाचे हिवाळी अधिवेशन चालू असताना गोवारींचा मोर्चा नागपुरात आला. भंडारा, चंद्रपूर, नागपूर अशा जिल्ह्यांतून बायकामुलांसह माणसे आली होती. आपल्याला अनुसूचित जमातीत मान्यता मिळावी, एवढेच त्यांचे मागणे होते. त्यांना भेटायला सरकारतर्फे वेळेवर कोणी फिरकले नाही. लाठ्या मात्र चालल्या, आणि चेंगराचेंगरीत ११४ माणसे मेली. त्यांत स्त्रिया आणि मुले मोठ्या संख्येने होती. आज नागपुरात त्यांचे स्मारक आहे, उड्डाणपुलाला त्यांचे नाव आहे. मागणी जिथे होती तिथेच आहे. पुढे राज्याने त्यांना विशेष मागास प्रवर्गात घातले. उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने २०१८ च्या ऑगस्टमध्ये त्यांच्या बाजूने निकाल दिला. आणि १८ डिसेंबर २०२० रोजी सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल रद्द केला. यादीत 'गोंड गोवारी' अशी नोंद आहे, तिचा अर्थ 'गोवारी' असा करण्याचा अधिकार न्यायालयांना नाही, असे वरिष्ठ न्यायालयाचे म्हणणे. कायद्याच्या बाजूची चर्चा येथे करीत नाही. पण एवढे लक्षात घ्या की ज्या समाजाची ढाल आम्ही 'लोकनृत्य' म्हणून पडद्यावर पाहतो, त्या समाजाला 'आम्ही कोण' हे सिद्ध करण्यासाठी तीन दशके न्यायालयांच्या पायऱ्या झिजवाव्या लागल्या आहेत.

आणि सिद्ध करायचे तरी कशाने? जमातीच्या दाखल्यांच्या पडताळणीसाठी महाराष्ट्राने २००३ साली नियम केले. कागदपत्रांनी समितीचे समाधान झाले नाही, तर दक्षता पथक अर्जदाराच्या घरी जाते आणि त्याची दैवते, विधी, चालीरीती, लग्नाची पद्धत, मृत्यूनंतरचे संस्कार विचारते. सण कसा करता, देव कोणता, ढाल कशी पुजता, हे प्रश्न म्हणजे विद्वानांच्या परिसंवादातील गंमत नव्हे. पोराची नोकरी आणि पोरीचा प्रवेश त्यांच्यावर लटकलेला असतो. ही चाचणी अंतिम कसोटी नव्हे, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२३ च्या मार्चमध्ये सांगितले खरे. परंतु चाचणी राहिलीच. अशा वादांत रसेल आणि हिरालाल यांचा १९१६ चा इंग्रजी ग्रंथ उघडला जातो. साहेबाच्या राज्यात, साहेबाच्या सोयीसाठी लिहिलेली चार पाने शंभर वर्षांनंतरही प्रमाण म्हणून वाचली जातात. आणि त्याच लोकांच्या सणाचे, त्यांच्याच अंगणात, त्यांच्याच तोंडून ऐकून केलेले चित्रण कोठे असते? मुंबई-दिल्लीच्या कपाटात, 'गुराख्यांचा नाच, पूर्व विदर्भ' अशा चिठ्ठीखाली! गावाचे नाव नाही, तारीख नाही, कोण्या समाजाचा विधी ते नाही, बोलणाऱ्याचे नाव नाही. ते चित्रण पुराव्याच्या कामाचे राहिले नाही आणि गावाच्याही कामाचे राहिले नाही. लोकांच्या हाती शस्त्र होऊ शकले असते अशी वस्तू लोकांकडून नेऊन तिची शोभेची वस्तू केली गेली.

जे नावाचे, तेच शब्दांचे. खडी गंमत म्हणजे उभ्याने केलेला खेळ. पडदा नाही, नेपथ्य नाही; ढोलकी, डफ, चोनका, झांजा आणि तोंडाची धार एवढ्यावर तो रात्र काढतो. स्त्रीपात्रे पुरुषच करतात. यातले जे बोलणे असते ते सावकाराला सोडत नाही, पाटलाला सोडत नाही, निवडणुकीला उभ्या राहिलेल्यालाही सोडत नाही. विदर्भात पोळ्याला बैल तोरणाखाली उभे करून झडत्या म्हणतात, त्यांतही देवाच्या नावाबरोबर धन्याचे, व्यापाऱ्याचे आणि सरकारचे वाभाडे निघतात. आता कॅमेरा काय करतो? तो बैलाची झूल घेतो, शिंगांचा बेगड घेतो, नाच्याचा घुंगरू बांधलेला पाय अगदी जवळून घेतो. झडती सुरू झाली की मूळ आवाज बारीक होतो आणि वर बासरी येते. शहरातल्या कुठल्या तरी ध्वनिमुद्रणालयात, झाडीबोलीचा एक शब्दही न कळणाऱ्या वादकाने वाजवलेली ती बासरी! ज्या ओळीत धानाच्या भावाची तक्रार होती, तीच नेमकी त्या बासरीखाली दबते. कोणी ती मुद्दाम दाबली, असा आमचा आरोप नाही. बोली कळत नाही म्हणून दबली, असे म्हणा. सरकारी अनुदानावर काढलेल्या पटात सरकारवरची झडती दबण्यासाठी हुकूम लागत नाही, अज्ञान पुरते.

फ्रान्सचा जाँ रूश हा अनुबोधपटकार १९५० च्या दशकात पश्चिम आफ्रिकेतील नायजर नदीवर पाणघोड्याच्या शिकारीचा पट काढून परत त्याच लोकांकडे गेला आणि त्याने चादर टांगून तो त्यांना दाखविला. शिकाऱ्यांनी पट पाहिला आणि पहिला आक्षेप संगीतावर घेतला. शिकारीच्या वेळी वाद्ये कशी वाजतील, पाणघोडा ऐकेल आणि पळून जाईल, असे त्यांनी त्याला सुनावले. त्याने संगीत काढून टाकले आणि पुढे आयुष्यभर काढलेला पट आधी त्या लोकांना दाखवायचा, हा परिपाठ ठेवला. रूश काही क्रांतिकारक नव्हता. फ्रेंच साम्राज्याच्या वसाहतीत कॅमेरा घेऊन हिंडणारा गोरा मनुष्यच तो. वसाहतीत जे त्याला सुचले, ते आमच्या प्रजासत्ताकात साकोलीच्या दंडारवाल्यांसाठी का सुचू नये?

एक समर्थन नेहमी केले जाते, आणि ते एकेकाळी खरेही होते, म्हणून त्याची दखल घेतो. चित्रपटाची फीत महाग असे. सोळा मिलिमीटरचे चारशे फुटांचे रीळ अकरा मिनिटांत संपे. दंडार चाले रात्रभर. छायालेखकाच्या पेटीत अशी सहा-आठ रिळे असली, तर त्याने रात्रीतून तासभर वेचायचा, आणि त्या तासातून मुंबईला संकलकाने पाच मिनिटे ठेवायची. पाच मिनिटांत घुंगरू येणार, झडती येणार नाही, हे समजण्यासारखे आहे. पण आता? आता बोटाच्या नखाएवढ्या तुकड्यावर अख्खी रात्र मावते. रिळाची अडचण संपली. तरी पट पंचवीस मिनिटांचाच राहिला. उलट मोबाइलच्या पडद्यासाठी तो अर्ध्या मिनिटाचा झाला. तेव्हा अडचण रिळाची नव्हती, पाहणाराला काय हवे आहे याची होती.

आता कायद्याचा मुद्दा. तो आपल्या कार्यकर्त्यांना ठाऊक नसतो आणि निर्मात्यांच्या वकिलांना चांगला ठाऊक असतो. १९५७ च्या स्वामित्वहक्क कायद्यात १९९४ साली कलाकाराचा म्हणजे प्रयोग सादर करणाराचा हक्क आला. त्याच्या व्याख्येत नट, गायक, वादक, नर्तक आहेतच. कसरती करणारा डोंबारी, जादूगार आणि साप खेळवणारा गारुडीही आहे. म्हणजे दंडारवाला त्यात निःसंशय बसतो. हा हक्क ५० वर्षे टिकतो. २०१२ च्या दुरुस्तीने असेही ठरविले की कलाकाराने लेखी कराराने संमती दिली असली, तरी त्याच्या प्रयोगाचा व्यापारी उपयोग झाल्यास तो स्वामित्वधनाला पात्र आहे. येथवर छान. पण त्याच दुरुस्तीने व्याख्येला एक शेपूट जोडले. चित्रपटात ज्याचे काम प्रासंगिक किंवा आनुषंगिक स्वरूपाचे आहे, आणि धंद्याच्या नेहमीच्या रीतीप्रमाणे ज्याचा उल्लेख श्रेयनामावलीत किंवा अन्यत्र कोठेही होत नाही, तो कलाकारच समजला जाणार नाही. त्याच्या प्रयोगाचे विद्रूपीकरण झाले, तर तेवढ्यापुरती तक्रार करण्याची मुभा त्याला ठेवली आहे. नाव मागण्याची नाही, पैशाची नाही.

या वाक्याचा अर्थ नीट ध्यानी घ्या. अनुबोधपटांच्या धंद्यात दंडारवाल्याचे नाव देण्याची रीत नाही. रीत नाही म्हणून नाव नाही. आणि नाव नाही, म्हणून 'तुमचे काम प्रासंगिक होते' असे म्हणायला निर्माता मोकळा. ज्याच्यावाचून पट निघालाच नसता त्याचे काम प्रासंगिक कसे, असा युक्तिवाद न्यायालयात करता येईल, आणि तो जिंकताही येईल. पण लाखांदूरच्या शेतमजुराने तो करायला नागपूरला जायचे कोणत्या पैशाने? श्रेयनामावलीतील नाव म्हणजे शिष्टाचार किंवा मनाचा मोठेपणा, असे समजणाऱ्या आपल्या मित्रांना हे सांगितले पाहिजे की ते नाव हाच हक्काचा सातबारा आहे. सातबाऱ्यावरून कुळाची नावे कशी उडत असत, हे आपल्या चळवळीला नव्याने शिकवायला नको.

या सगळ्यात खुद्द कॅमेरा धरणाऱ्याला शत्रू समजण्याची चूक मात्र होता कामा नये. तोही पुष्कळदा रोजंदारीवरचा मनुष्य असतो. दिवसाच्या बोलीवर येतो, थंडीत रात्रभर खांद्यावर यंत्र घेऊन उभा राहतो, आणि त्याने टिपलेल्या चित्रांवर त्याचा हक्क नसतो, तो निर्मात्याचा. सिनेकामगारांसाठी १९८१ साली कायदा झाला, त्यात चित्रपट म्हणजे कथा आणि पात्रे असलेला पूर्ण लांबीचा पट, अशी व्याख्या होती. अनुबोधपटावर राबणारा छायालेखक त्या व्याख्येच्या बाहेर राहिला. २०२० च्या संहितेने कथापट नसलेल्या पटांवर काम करणारांनाही 'दृकश्राव्य कामगार' या शब्दात घेतले आहे. प्रत्यक्ष करारपत्र त्यांच्या हाती किती पडते, ते पाहायचे. भंडाऱ्याच्या बांधीत रोवणी करणारी बाई आणि तिचा सण टिपणारा हा तरुण, दोघांच्याही श्रमावर तिसऱ्याचेच नाव लागते. अनेक चांगले छायालेखक स्वतःच्या वहीत गावाची, माणसांची नावे टिपून ठेवतात. संकलनाच्या टेबलावर ती वही कोणी मागत नाही, एवढेच.

रोवणीचा विषय निघाला म्हणून सांगतो. भर पावसात गुडघाभर चिखलात वाकून स्त्रिया रोवणी करतात आणि गाणी म्हणतात. दंडार पुरुषांची आहे. रोवणीचे गाणे बायांचे. त्यावर कॅमेरा क्वचितच येतो. कारण उघड आहे. तो सण नाही, ते काम आहे. तिथे ऊन तिरपे नसते, आभाळ काळे असते आणि यंत्र भिजते. वर्षातले चार दिवस टिपायचे आणि ते चार दिवस म्हणजेच वर्ष, असे जगाला दाखवायचे, ही या पटांची मूळ खोड आहे. 'येथे सारा गाव जातिभेद विसरून एक होतो' हे निवेदनातले आणखी एक आवडते वाक्य. २९ सप्टेंबर २००६ रोजी याच जिल्ह्यातल्या मोहाडी तालुक्यात, खैरलांजीत, भोतमांगे कुटुंबातल्या चौघांची गावातल्याच माणसांनी हत्या केली. त्यानंतर महिन्याच्या आत दिवाळी आली, आणि जिल्ह्यात मंडयांचा हंगाम नेहमीसारखा सुरू झाला. मंडई वाईट, असे कोणी म्हणत नाही. पण मंडईत कोण कोठे उभा राहतो, कोणाच्या वाद्यावर कोण नाचतो आणि वाजवणारा कोठे जेवतो, हे न दाखवता गाव एक झाल्याची ग्वाही देण्याचा अधिकार दोन रात्रींच्या पाहुण्याला कोणी दिला?

'निदान जपणूक तरी होते, नाहीतर ही कला मरेलच' असे सांगणारे सद्गृहस्थ भेटतात. त्यांनी एकदा वडशाला जाऊन यावे. देसाईगंज-वडसा हे जिल्ह्याला लागूनच, आज गडचिरोलीत. दिवाळीपासून होळीपर्यंत तेथल्या नाटक मंडळ्या गावोगाव तिकीट लावून खेळ करतात आणि लोक रात्र जागवून ते पाहतात. त्या रंगभूमीवरचे कलावंत परशुराम खुणे यांना २०२३ साली पद्मश्री मिळाली, तेव्हा पुण्या-मुंबईच्या कित्येकांनी झाडीपट्टी रंगभूमी हे नाव प्रथमच ऐकले असेल. लोकांनी मात्र तिला पिढ्यान्‌पिढ्या स्वतःच्या गाठीच्या पैशाने जगवले आहे. आणि जपणूकच पाहायची असेल तर डॉ. हरिश्चंद्र बोरकरांचे काम पाहा. साकोलीकडच्या या अभ्यासकाने झाडीबोली आणि दंडार यांच्यासाठी आयुष्य वेचले. बोली त्यांची स्वतःची होती, म्हणून त्यांच्या संग्रहात शब्द राहिला. केवळ यंत्राने जपणूक होत नाही, हे सांगायला याहून दुसरा दाखला नको.

अमूर्त सांस्कृतिक वारशाविषयीच्या युनेस्कोच्या २००३ च्या करारावर भारताने २००५ साली मान्यतेची मोहोर उमटवली आहे. जो समाज वारसा निर्माण करतो आणि चालवतो त्याला जपणुकीच्या कामात शक्य तितके सहभागी करून घ्यावे, असे तो करार सांगतो. तेव्हा आपण काही जगावेगळे मागत नाही. यंदाच्या दिवाळीला जो कॅमेरा गावात येईल त्याचे स्वागत करावे, चहा पाजावा, आणि चित्रण सुरू होण्याआधी मंडळाच्या वतीने एक साधा कागद पुढे ठेवावा. प्रत्येक कलाकाराचे आणि गावाचे नाव श्रेयनामावलीत येईल, झडत्यांचे आणि संवादांचे शब्द मूळ आवाजात राहतील, पट पुरा झाल्यावर आधी गावात दाखवला जाईल आणि न कापलेल्या चित्रणाची एक प्रत ग्रामपंचायतीकडे किंवा गावच्या वाचनालयाकडे राहील, व्यापारी उपयोग झाला तर मंडळाला वाटा मिळेल. सही झाली तर दंडार, नाही तर रामराम. गोवारी समाजाच्या ढालीचे किंवा कोणत्याही जमातीच्या पूजाविधीचे चित्रण त्या समाजाच्या जाणत्यांना विचारल्याशिवाय आपल्या कार्यकर्त्याने घडवून आणू नये. काही गोष्टी ते दाखवणार नाहीत. त्यांचा तो अधिकार आहे.

जुन्या चित्रणाचे काय? फिल्म्स डिव्हिजन १९४८ साली सुरू झाले आणि २०२२ च्या मार्चमध्ये राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाले. नागपूर दूरदर्शनचे जुने चित्रण प्रसार भारतीकडे आहे. या दोन्ही संस्था लोकांच्या पैशावर चाललेल्या आहेत आणि २००५ चा माहिती अधिकार दोहोंना लागू आहे. १ मे १९९९ पूर्वीचा भंडारा जिल्हा म्हणजे आजचा गोंदियाही, हे लक्षात ठेवून प्रत्येक तालुका समितीने अर्ज करावा. आमच्या तालुक्यातील कोणत्या सणाचे, कोणत्या साली, कोणत्या गावी चित्रण झाले, त्याची यादी द्या आणि प्रत पाहू द्या, असे विचारावे. गोसीखुर्दच्या पाण्याखाली गेलेल्या गावांच्या बाबतीत तर हे आधी करावे, कारण त्या गावांच्या मंडईची जागाच आता उरलेली नाही. यादी हाती आली की गावातल्या वृद्धांना बसवून चित्रातल्या माणसांची नावे लिहून घ्यावीत. अर्जाला तीस दिवसांत उत्तर येणे बंधनकारक आहे. आलेल्या उत्तराची, आणि न आल्यास अर्जाच्या पोचपावतीची एक प्रत या साप्ताहिकाकडे पाठवावी. ती आम्ही तालुक्याच्या नावासह छापू.